धोंडिभाऊ आणि पुलावरची मुलगी

ईशान, मागच्या रविवारी फोनवर तू एकदम विचारलंस, "आजी, त्या पुलावरच्या मुलीचं पुढे काय झालं?" तुझ्या आईला वाटलं, इकडची एखादी बातमी असेल. ती घाबरून म्हणाली, "कोणती मुलगी? कुठला पूल?" मला मात्र लगेच कळलं. तुझ्या धाकट्या बहिणीला, मीराला, काही आठवणार नाही, कारण त्या संध्याकाळी ती माझ्या मांडीवर झोपली होती. म्हणून पहिल्यापासून आणि क्रमाने लिहिते. क्रमाने सांगायची मला सवय आहे. धोंडिभाऊंना ती नव्हती, तेव्हा मध्येच कुठे क्रम बिघडला तर दोष त्यांचा.

धोंडिभाऊ वारूळवाडीत आपल्या शेजारच्या मळ्यात राहायचे. टोमॅटो लावायचे आणि लग्नसराईत मंडप आणि लाउडस्पीकर भाड्याने द्यायचे. उंच, किडकिडीत, आणि शरीराच्या मानाने आवाज फार मोठा, जणू तो दुसऱ्या कुणासाठी तयार करून चुकून यांच्या गळ्यात बसवला होता. त्यांची एक खोड सगळ्या पंचक्रोशीला माहीत होती. काहीही विचारा, ते आधी उलट विचारायचे, "गाव कोणतं?"

"धोंडिभाऊ, पाऊस पडेल का हो?"

"कोणत्या गावाला?"

"धोंडिभाऊ, मंडपाचा काय भाव?"

"गाव कोणतं?"

अनोळखी माणसाला वाटे, गाव बघून भाव ठरतो. तसंही होत असेल. पण खरी गोष्ट वेगळी होती. गाव कळल्याशिवाय कुणाशी काय बोलायचं हे या माणसाला खरोखरच ठरवता येत नसे. ही सवय त्यांना लागली ती सिनेमामुळे.

त्यांच्या आजोबांचा फिरता तंबू होता. जत्रा असेल तिथे बैलगाडीतून तंबू, पडदा आणि हाताने फिरवायचं यंत्र न्यायचं आणि सिनेमा दाखवायचा. तेव्हा बोलपट नुकते आले होते आणि मुके चित्रपट मुंबईत भंगाराच्या भावाने निघाले होते. सगळे व्यापारी बोलणाऱ्या सिनेमाकडे धावले. आजोबांनी उलटा हिशेब केला. त्यांनी एक मुका सिनेमा स्वस्तात घेतला आणि त्याच्या बाजूला उभं राहून स्वतःच बोलू लागले. हातात वेताची काठी, शेजारी तमाशाच्या फडातून आलेला एक ढोलकीवाला. आजोबांनंतर काठी मुलाकडे आली आणि मुलाकडून धोंडिभाऊंकडे. जग कुठल्या कुठे गेलं, पण या घराण्यात सिनेमा एकच राहिला. त्याचं खरं नाव सांगणारी पट्टी कधीच तुटून गेली होती. लोक त्याला नुसता "वाघाचा सिनेमा" म्हणत.

गोष्ट साधी होती. एका मुलीचा बाप जंगलात हरवतो. ती त्याला शोधायला निघते. तिच्याजवळ अर्धा नकाशा असतो आणि दुसरा अर्धा एका टोकदार मिशीवाल्या दुष्टाजवळ. मग लाकडी मगर येते, दलदल येते, पायात बूट घातलेलं एक अस्वल येतं. शेवटी दोरांचा झुलता पूल येतो. खाली खोल दरी. मुलगी पुलाच्या मधोमध. एका टोकाला मिशीवाला सुऱ्याने दोर कापतोय आणि दुसऱ्या टोकाला वाघ उभा.

इथे सिनेमा संपायचा. पडदा पांढरा पडायचा. यंत्राचा उजेड तसाच चालू, आणि त्या उजेडात धोंडिभाऊ काठी घेऊन पुढे यायचे. पडद्यावर त्यांची भलीमोठी सावली पडायची, आणि ते लोकांना विचारायचे, "बोला पावणं, गाव कोणतं?"

लोक एका सुरात गावाचं नाव ओरडायचे. मग ते त्या गावाचा शेवट सांगायचे.

हो, प्रत्येक गावाचा शेवट वेगळा. भीमाशंकरच्या बाजूच्या गावांत मुलगी महादेवाचा धावा करायची, आणि तो झुलता पूल म्हणजे देवाच्या गळ्यातला नाग निघायचा. तोच तिला अलगद पलीकडे ठेवायचा. मढला वाघ म्हणजे साक्षात वाघोबा. तो मिशीवाल्याला विचारायचा, "माझ्या शिवारात न विचारता आलास?" आणि मिशीवाला स्वतःच कापलेल्या दोरासकट दरीत जायचा. आपल्या वारूळवाडीत देव यायचा नाही. आपल्याकडे मुलीचा भाऊ यायचा.

सबंध सिनेमात त्या मुलीला भाऊ नाही. मी नवी नवरी होऊन इथे आले तेव्हा पहिल्यांदा हा सिनेमा पाहिला, आणि पुण्याच्या इंग्रजी शाळेत शिकलेली असल्यामुळे न राहवून विचारलं, "भाऊजी, हा भाऊ इतका वेळ कुठे होता?"

"टोमॅटो घेऊन मार्केटला गेला व्हता, वहिनी," धोंडिभाऊ म्हणाले. "येळ लागतो."

सगळ्या बायका माझ्याकडे वळून बघू लागल्या. मार्केटला वेळ लागतो हे जिला माहीत नाही ती कुठल्या घरातून आली असेल, असा त्यांचा चेहरा होता.

पुढे एकदा त्यांनीच मला बोलावलं. सिनेमात अधूनमधून काळ्या पाट्यांवर इंग्रजीत मजकूर येई. तो कधी कुणी वाचला नव्हता. "तुमी वाचा, मी ऐकतो," म्हणाले. त्यांच्या पडवीत, त्यांची बायको पारूबाई लसूण सोलत बसलेली असताना, भिंतीवर सिनेमा सुरू झाला. मी पाटीमागून पाटी मराठीत सांगत गेले. तेव्हा कळलं की मिशीवाला दुष्ट हा मुलीचा सख्खा काका होता, आणि बाप हरवलेला नसून खजिना घेऊन स्वतःच पळाला होता.

धोंडिभाऊंनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं. मग पारूबाईंकडे बघून म्हणाले, "ऐकलंस? बाप चोर निघाला."

"मंग पोरगी कशाला हुडकतीय त्याला?" पारूबाई म्हणाल्या. "बसू दे की घरी."

"त्येच म्हनतो मी. पटत न्हाई." ते माझ्याकडे वळले. "वहिनी, तुमी वाचलं त्यात चूक न्हाई. पर ते छापणाऱ्यानं पब्लिक बघितलेलं न्हाई."

त्यानंतरही त्यांच्या तोंडी तो बाप सज्जनच राहिला. मी पुन्हा पाट्या वाचल्या नाहीत.

एव्हाना सिनेमा आखूड होत चालला होता. फिल्म जुनी, ठिसूळ. दरवर्षी कुठेतरी तुटायची. धोंडिभाऊ तुटलेलं कापून पुढचं जोडून टाकायचे. असं होता होता दलदल गेली. मग मगरीची शेपटी गेली. बाप एका दिवाळीत होता, दुसऱ्या दिवाळीत नव्हता. सिनेमा जितका आखूड झाला तितकं धोंडिभाऊंचं बोलणं लांबलं, त्यामुळे खेळ मात्र पहिल्याइतकाच चालायचा. मुलं मोबाईलवर आपल्याच उसातल्या बिबट्याचे व्हिडिओ बघत मोठी झालेली. ती पडद्यावरचा वाघ बघून म्हणायची, "भाऊ, ह्याला कोण खायला देत नाय का?" खरोखरच तो वाघ फार अशक्त होता आणि मुलीला घाबरून मागे मागे सरकायचा.

"आजारी हाय तो," धोंडिभाऊ म्हणायचे. "औषिद चालू हाय."

आता मढची हकिगत सांगायला हवी, नाहीतर पुढचं काही कळणार नाही.

डोंगरातल्या गावांत दिवाळीच्या सुरुवातीला वाघबारस असते. गुराखी वाघोबाच्या दगडापाशी जमतात, खीर करतात. कुणी वाघ होतो, कुणी अस्वल होतो, बाकीचे त्यांना विचारतात, "आमच्या शिवारात येशील का?" "नाही येणार," असं कबूल करून घेतात आणि पिटाळून लावतात. वर्षभर गुरं सुरक्षित राहावीत म्हणून वाघाशी केलेला हा करार. धोंडिभाऊंचे आजोबा आपल्यासारखेच सपाटीवरचे. त्यांना वाटलं, वाघाचा सण, आपला वाघाचा सिनेमा, याहून चांगला मुहूर्त कोणता? ते बैलगाडी घेऊन नेमके वाघबारशीला मढला गेले.

तेव्हा सिनेमा पुरा होता. फिल्मच्या सात डब्यांचा. लोक खुशीत बघत होते. अस्वलाच्या पायात बूट आहेत याचं तिथे कुणाला हसूही आलं नाही, कारण वाघबारशीचं अस्वलही माणूसच असतं आणि ते सगळ्यांना माहीत असतं. मग सातवा डबा लागला. त्यात पांढऱ्या टोपीचा एक साहेब बंदूक घेऊन येतो आणि वाघाला गोळी घालतो. ते नाटक नव्हतं. त्या काळी जनावर खरंच मारायचे आणि मरताना त्याचं चित्र काढायचे.

कुणी आरडाओरडा केला नाही. लोक उठले, पडदा सोडवून नीट घडी करून आजोबांच्या हातात दिला आणि त्यांना खीर वाढली. मग एक म्हातारा म्हणाला, "पावणं, करार आमी केला आन् मोडला तुमी. आता दगडाफुडं जाऊन तुमीच बोला." आजोबांनी वाघोबाच्या दगडावर हात ठेवून शपथ घेतली की सातवा डबा आमच्या घराण्यात कुणी उघडणार नाही. पुढल्या वर्षी ते पुन्हा मढला गेले, सहा डबे घेऊन. सहावा संपला, पडदा पांढरा पडला, आणि आता काहीतरी बोलणं भाग होतं.

म्हणजे बघा, या घराण्याची सगळी कला एका चुकीच्या मुहूर्तातून निघाली.

सातवा डबा त्यांच्या घरात होता. त्याला सुतळी बांधलेली, वर हळदकुंकू. तो धोंडिभाऊंच्या वडिलांनी उघडला नाही, धोंडिभाऊंनी उघडला नाही.

या कलेची खरी परीक्षा झाली ती एका लग्नात. मुलगी मढची, मुलगा आपल्या वारूळवाडीचा. हळदीच्या दिवशी संध्याकाळी दोन्हीकडच्या वऱ्हाडाने हट्ट धरला की वाघाचा सिनेमा पाहिजे. मंडप धोंडिभाऊंचाच, पडदाही होता. सिनेमा पुलापर्यंत आला, पडदा पांढरा पडला आणि धोंडिभाऊंनी सवयीने विचारलं, "गाव कोणतं?"

डावीकडून "मढ!" आणि उजवीकडून "वारूळवाडी!"

"वाघ येतू पोरीला सोडवायला," मुलीचा मामा उभा राहून म्हणाला. "आमी ल्हानपनापासनं बघतो."

"वाघ कसा येईल? वाघ तर खायला टपलाय. भाऊ येतो," नवऱ्याचा चुलता म्हणाला.

"भाऊ? कुटाय भाऊ? दावा बरं पडद्यावर!"

"ओ पावणं, आवाज खाली घ्या. मांडव आमचाय."

"पोरगी आमचीय!"

मुलीची आई रडकुंडीला आली. उद्याच्या लग्नात हे भांडण निघणार हे दिसतच होतं. धोंडिभाऊ काठी टेकत दोन्ही वऱ्हाडांच्या मधोमध येऊन उभे राहिले. मग बोलू लागले. वाघ पुलावर चालत आला, ते म्हणाले. पोरीच्या पुढे येऊन थांबला, आणि पाठीवर बस म्हणाला. ती बसली. वाघ तिला घेऊन निघाला. तेवढ्यात पलीकडच्या टोकाला तिचा भाऊ पोचला आणि त्याने मिशीवाल्याला उचलून फेकला. वाघ पुलाच्या कडेला आला, आणि भावाला म्हणाला, "मी माहेरचा. मला हितनं फुडं येता येत न्हाई. हितवर मी आणली, आता फुडं तू संबाळ."

मांडवात हुंदका फुटला. मुलीची आई, मुलाची आई, दोघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या. मामा आणि चुलता एका ताटात जेवले. ते जोडपं पुढे पुण्याला राहायला गेलं. आता ते मढलाही येत नाही आणि वारूळवाडीलाही येत नाही. पण लग्न मात्र छान झालं.

तुम्ही दोघं दिवाळीला आला होतात तेव्हा धोंडिभाऊंनी आपल्या अंगणात चादर बांधून तुम्हांला सिनेमा दाखवला. ईशान, पूल आला, चादर पांढरी पडली, आणि त्यांनी तुला विचारलं, "बोला पावणं, गाव कोणतं?"

तू तुमच्या तिकडच्या शहराचं नाव सांगितलंस. अगदी स्पष्ट आणि मोठ्याने सांगितलंस, जसं शाळेत शिकवतात.

ते काठी धरून तसेच उभे राहिले. मला वाटलं, काहीतरी जुळवतील. आजवर त्यांचं कधी अडलेलं मी पाहिलं नव्हतं. पण ते म्हणाले, "तिथला शेवट मला येत न्हाई, बाळा." आणि यंत्र बंद करून चादर सोडायला लागले. तू विचारलेली मुलगी पुलावर राहिली ती अशी.

जाताना फाटकापाशी मला म्हणाले, "वहिनी, पोराला वाईट वाटलं का?"

"झोप आली होती त्याला," मी म्हणाले.

"मला वाटलं," ते म्हणाले, आणि गेले.

त्यानंतरच्या वर्षी सानिका नावाची एक मुलगी आली. जुने चित्रपट शोधून जपणाऱ्या एका संस्थेत ती काम करायची. तिने पांढरे हातमोजे घालून डबे उघडले, फिल्म उजेडात धरली आणि तिचा चेहराच बदलला.

"काका, या चित्रपटाची दुसरी प्रत जगात कुठेच नाही. फक्त तुमच्याकडे आहे. तुम्ही हा ठेवला कुठे होता?"

"चुलीच्या मागं. कोरडं ऱ्हातं तिथं."

सानिका पांढरी पडली. ही जुनी फिल्म ठिणगीने पेटते, आणि पेटली की पाण्यानेही विझत नाही, असं तिने सांगितलं.

पारूबाई हातातलं भांडं ठेवून उभ्याच राहिल्या. "लगीन होऊन आल्यापासनं मी तिथं भाकरी थापतीय! आन् हे म्हनत्यात, वाघाला भिऊ नको!"

सानिकाला सगळे डबे हवे होते. त्यांची संगणकावर प्रत करून, स्वच्छ करून, तो सिनेमा जगाला दाखवायचा होता. वाघबारशीचा खेळ झाला की सहा डबे न्या, असं धोंडिभाऊंनी कबूल केलं. सातव्याला तिने हात लावला तेव्हा म्हणाले, "त्यो न्हाई."

"पण त्यात शेवट आहे ना, काका?"

"शेवट माज्यात हाय."

हे खरं होतं, पण तेव्हा आवाज बसत चालला होता. डॉक्टर म्हणाले होते, घशाला आता विश्रांती द्या, आणि डॉक्टरांचा चेहरा विश्रांतीच्या पलीकडचं काही सांगत होता. त्या वाघबारशीला मढला पुलाशी येऊन त्यांचा आवाज जो बसला तो बसलाच, उरली ती घोगरी कुजबुज. तिथल्या बायांनीच एका सुरात शेवट पुरा केला. लोकांना त्याचं कौतुक वाटलं. धोंडिभाऊ परत येताना गाडीत माझ्या शेजारी बसले होते. मी गाडी चालवत होते म्हणून हजर होते, नाहीतर मला हे कळलंच नसतं.

"मढचं भागलं," ते म्हणाले. "त्यांचा शेवट एकच हाय, त्यांना पाठ हाय. बाकीच्यांचं काय? मी गेलो की पोरगी पुलावरच राहनार." जरा वेळाने म्हणाले, "डबा उघडला तर सुटंल. पर वाघ मरंल."

धोंडिभाऊंचा मुलगा पुण्यात नोकरीला. त्याला काठी नको होती. तेव्हा प्रश्न एवढाच होता: आजोबांची शपथ मोडायची, की मुलीला कायमची पुलावर सोडायची. तुम्हांला हा पोरखेळ वाटेल. मलाही वाटला असता, पण तो माणूस दोन महिने जेवणावरून उठून जात होता.

शेवटी त्यांनी कौल लावायचं ठरवलं. शपथ ज्याच्यासमोर घेतली त्यालाच विचारायचं. आम्ही पुन्हा मढला गेलो. धोंडिभाऊ, पारूबाई, सानिका आणि मी. शेंदूर लावलेला दगड, त्यावर कोरलेला वाघ, वर झाड. पुजाऱ्याने दगडाच्या दोन्ही बाजूंना ओलं फूल चिकटवलं. उजवं पडलं तर हो, डावं पडलं तर नाही. आम्ही बसलो. वारा नव्हता. सानिकाने इतकं शिक्षण घेतलं होतं, पण ती माझ्यापेक्षा जास्त टक लावून उजव्या फुलाकडे बघत होती. पारूबाई मात्र डाव्या फुलाला हळूच फुंकर घालत होत्या, असा माझा संशय आहे.

उजवं पडलं.

धोंडिभाऊंनी दगडाला हात लावला आणि बराच वेळ काही बोलले. आवाज नव्हताच, त्यामुळे काय बोलले ते वाघोबालाच माहीत.

डबा आपल्या अंगणात उघडला. सुतळी कापली, कुंकू पुसलं, झाकण गंजलेलं म्हणून सानिकाने पातळ पट्टी घालून जपून उचकटलं. आत फिल्म नव्हती. तपकिरी रंगाची भुकटी होती, तपकिरीच्या डबीत असते तशी. सानिका पायरीवर बसली आणि तिने तोंड ओंजळीत घेतलं. अशी फिल्म बंद डब्यात वर्षानुवर्षं राहिली की तिची माती होते, म्हणाली. कदाचित धोंडिभाऊंच्या जन्माआधीच झाली असेल.

तीन पिढ्यांनी प्राणपणाने शपथ पाळली होती, आणि पाळण्यासारखं आत काही उरलं नव्हतं. मला हसू आलं. ते दिसू नये म्हणून मी चहा ठेवायला आत गेले.

बाहेर आले तेव्हा धोंडिभाऊ डब्यात वाकून बघत होते. "ह्यातलं आता कायबी दिसायचं न्हाई?" त्यांनी घोगऱ्या आवाजात विचारलं.

"नाही, काका."

"गोळीबी न्हाई?"

"काहीच नाही."

"मंग वाघ वाचला," ते म्हणाले आणि सरळ उभे राहिले.

"देवाला ठावं व्हतं," पारूबाई म्हणाल्या. "रिकामा डबा उघडायला कोन नाय म्हनतंय!"

मग सानिकानेच मार्ग काढला. सिनेमाच्या शेवटी पडदा पांढराच ठेवायचा आणि त्यावर धोंडिभाऊंचा आवाज द्यायचा. ते सांगतील तो शेवट, आणि तोच कायमचा राहील. धोंडिभाऊंना हे इतकं पटलं की ते आठवडाभर कुणाशी बोललेच नाहीत. आवाज साठवत होते.

ठरलेल्या संध्याकाळी ते धुतलेलं धोतर नेसून, काठी घेऊन आले. तीच चादर बांधली. सानिकाने स्वच्छ केलेला सिनेमा लॅपटॉपवरून लावला. इतका लख्ख की अस्वलाच्या बुटांच्या नाड्यासुद्धा मोजता याव्यात.

"लई धुतलाय," धोंडिभाऊ नाराजीने म्हणाले. "आता समदंच दिसतंय."

पूल आला. मुलगी मधोमध. सुरा, दोर, वाघ. चादर पांढरी पडली. सानिकाने माईक पुढे धरला. ते उजेडात आले, त्यांची सावली चादरीवर उभी राहिली, आणि इतक्या दिवसांच्या साठवणीचा तो आवाज एकदाचा सुटला. "बोला पावणं, गाव कोणतं?"

मग सानिका हळूच म्हणाली, "काका, हे रेकॉर्डिंग आहे. सगळ्यांसाठी आहे."

"सगळ्यांसाठी म्हंजी? गाव सांगा."

"सगळी गावं, काका. सगळं जग बघेल."

"जगाला कुठलं गाव आलंय!" ते म्हणाले. "मढला वाघ लागतो, वारूळवाडीला भाऊ लागतो. जगाला काय लागतं, तुमी सांगा."

तिने हात जोडले, कोणताही एक शेवट सांगा म्हणाली. पारूबाई म्हणाल्या, "आवो, सांगून टाका भावाचा, तिला जायचंय पुण्याला." मीही म्हणाले, "भाऊजी, लग्नातला सांगा, तो सगळ्यांना आवडेल." ते ऐकून घेत होते आणि मान हलवत होते. माईक चालूच होता.

मग त्यांनी आम्हां सगळ्यांना हाताने गप्प केलं. पुन्हा पुढे झाले, काठी टेकली आणि नुसता तेवढाच प्रश्न पुन्हा विचारला. विचारून एक हात कानामागे धरला आणि मान जराशी पुढे काढून ते वाट बघत उभे राहिले. चादर पांढरी, तिच्यावर तो कान, तो हात. सानिकाला वाटलं, आता पुढचं सुरू करतील. मला वाटलं, आवाज गेला. पण त्यांचा चेहरा मला दिसत होता. त्यांचं काही अडलेलं नव्हतं. ते ऐकत होते. खूप वेळाने हात खाली करून म्हणाले, "बंद करा आता. ज्याला पायजे त्यो सांगंल."

धोंडिभाऊ गेल्या हिवाळ्यात गेले. आवाज त्याआधीच गेला होता, त्यामुळे शेवटचं काय बोलले असं कुणी विचारलं तर सांगण्यासारखं काही नाही.

तो सिनेमा आता संगणकावर बघायला मिळतो. तुझी आई लावून देईल. संस्थेने खाली 'अपूर्ण' असं लिहिलं आहे, तिकडे लक्ष देऊ नका. शेवटी पडदा पांढरा पडेल. बिघाड नाही, बंद करू नका. त्यांचा आवाज येईल, मग आम्हां बायकांची गडबड, मग पुन्हा त्यांचा आवाज, आणि त्यानंतर बराच वेळ नुसती शांतता. ती तुमच्यासाठी ठेवलेली आहे. या वेळी तिकडच्या शहराचं नाव सांगू नका. वारूळवाडी म्हणा, तिथला शेवट आता तुम्हांला माहीत आहे. दोघांनी मिळून म्हणा, आणि मोठ्याने म्हणा. शेवटी शेवटी त्यांना जरा कमी ऐकू यायचं.